राक्षसाचे हात लेखकाचे

हे हात दिसतायत ना, ते आमचेच आहेत. बागकामाचे जुने हातमोजे घेतले, त्यावर फेव्हिकॉलने सुका पाला, काड्या, थोडं शेवाळ चिकटवलं, चर्चच्या एका मोठ्या फोटोला भोकं पाडली आणि हात आत घातले. आता लाईट कमी करतो, बोटं हळू हलवतो... हसू येतंय ना? २२ ऑगस्ट १९५३ ला, शनिवारी रात्री, इंग्लंडमध्ये घरोघरी लोक बीबीसीवरच्या 'द क्वेटरमास एक्सपेरिमेंट' या मालिकेत हेच बघून टरकले होते. ओरिजिनल दाखवलं असतं, पण ते कुणाकडेच नाहीये, का ते पुढे सांगतो.

त्या रात्री मोज्यात हात होते खुद्द लेखकाचे. नायजेल नील, वय ३१. आयल ऑफ मॅन या छोट्या बेटावर वाढलेला, वडील तिथे पेपर चालवायचे, याचे डोळे असे की ऊन सहन व्हायचं नाही म्हणून सैन्यात घेतलं नाही. थोडा कायदा शिकला, मग नाटकाच्या शाळेत गेला, मग कथा लिहिल्या. बीबीसीच्या नाटक विभागाचा प्रमुख मायकल बॅरी, त्याच्याकडे नव्या स्क्रिप्टसाठी वर्षाचे मिळून २५० पौंड होते, ते सगळे त्याने या एकट्या पोरावर लावले.

ही टेकडीवरची बिल्डिंग म्हणजे लंडनचा अलेक्झांड्रा पॅलेस, बीबीसीचा स्टुडिओ इथे होता. 'द क्वेटरमास एक्सपेरिमेंट'चे सहाही भाग इथून लाईव्ह गेले, कॅमेरे १९३६ च्या काळातले. रॉकेटमधून तिघं जातात, परत येतो एकच, बाकीचे दोघं त्याच्यातच विरघळलेले, आणि तो हळूहळू माणसाचा वनस्पती व्हायला लागतो. रॉकेट सोडणाऱ्या प्रोफेसरचं क्वेटरमास हे आडनाव नीलने चक्क लंडनच्या टेलिफोन डिरेक्टरीतून उचललं होतं. शेवटी तो प्राणी लंडनच्या मोठ्या चर्चमध्ये, वेस्टमिन्स्टर अॅबीत जाऊन चिकटतो, आणि याच अॅबीत जूनमध्ये राणीचा राज्याभिषेक झालेला, लोकांनी तो टीव्हीवरच बघितलेला, म्हणजे जागा कुठली निवडली बघा! पण सेट उभारायला पैसा कुठे होता. म्हणून फोटो, भोकं, आणि होणाऱ्या बायकोबरोबर बसून बनवलेले हे मोजे. ही बायको म्हणजे ज्युडिथ केर, लहान मुलांच्या वाघाच्या गोष्टीची लेखिका, पण तो वेगळाच व्हिडिओ होईल.

आणि क्लायमॅक्सला बंदूक नाही की बॉम्ब नाही. प्रोफेसर त्या प्राण्याशी बोलतो, आत विरघळलेल्या तीन माणसांना हाक मारतो, विनवतो, आणि ती तिघं स्वतःच त्याला संपवतात. हे असं लिहायला लेखक लागतो, इफेक्टवाले नाही.

पुढचं पटापट. १९५४ ला ऑर्वेलच्या '१९८४' या कादंबरीवरचं टीव्ही नाटक, त्यावरून पार्लमेंटपर्यंत गोंधळ. क्वेटरमासच्या अजून तीन मालिका. १९६८ ला त्याने असं नाटक लिहिलं की माणसं बेटावर सोडायची आणि त्यांचे हाल लोकांनी टीव्हीवर बघायचे, आज आपण त्याला रिॲलिटी शो म्हणतो. क्वेटरमासवर सिनेमा निघाला तेव्हा हक्क बीबीसीचे, नील नोकर माणूस, त्याला काही नाही, बऱ्याच वर्षांनी ३००० पौंड हातावर ठेवले. २००६ मध्ये तो गेला.

आता रेकॉर्डिंगचं. तेव्हा मॉनिटरसमोर फिल्मचा कॅमेरा लावायचे आणि पडद्यावर जे दिसेल ते टिपायचे. पहिले दोन भाग असे टिपले, क्वालिटी आवडली नाही, मग पुढचे चार टिपलेच नाहीत. हातमोजेवाला सहावा होता. नीलचं १९६३ चं 'द रोड' हे टीव्ही नाटक तर पूर्णच गेलं.

हा दुसरा भाग. सीन चालू आहे, नट जीव तोडून बोलतायत, आणि हे बघा, फ्रेममध्ये, हा काळा ठिपका. किडा आहे. मॉनिटरच्या काचेवर येऊन बसलाय आणि कुणी हाकललाच नाही, तो आहे अजून रेकॉर्डमध्ये.

हा शॉट जरा वेळ असाच ठेवतो.