पोच

(दृश्य: पंचायत समितीचं आवार, जळगाव जिल्हा. आवक-जावकचं टेबल.)

सकाळचे साडेअकरा. एक बाई अर्जाच्या दोन प्रती घेऊन उभी आहे. एक प्रत कारकून ठेवून घेतो. दुसरीवर गोल शिक्का, तारीख, आवक क्रमांक. ती प्रत ती घडी न घालता प्लास्टिकच्या पिशवीत सरकवते. ही पोच. पुढचे कित्येक महिने हीच तिची साक्षीदार.

तक्रार अंगणवाडी मदतनीसाच्या निवडीची आहे. पद मानधनाचं, पण गुणवत्ता यादी लागते, हरकती मागवल्या जातात आणि उमेदवार त्याच गावची रहिवासी असावी लागते. हिचं म्हणणं, निवड झालेली बाई गावात राहतच नाही, दाखला खोटा आहे. पुरावा काय, असं विचारलं तर म्हणते, "कोन गावमा ऱ्हास, ते सारा गावले माहीत शे."

गावाला माहीत असणं आणि कागदावर असणं यात फरक आहे. खानदेशात तर जास्तच. इथली कितीतरी घरं अर्धं वर्ष सुरतेला असतात आणि अर्धं गावात. रेशनकार्ड इथलं, भाड्याची खोली तिथली. मग रहिवासी कुठले म्हणायचे?

(दृश्य: पिठाची गिरणी.)

निवड झालेल्या बाईला तक्रारीची बातमी पहिल्यांदा इथे कळली, दळणाच्या रांगेत. चार दिवसांनी पत्र आलं: आपल्याविरुद्ध तक्रार प्राप्त झाली आहे, तीन दिवसांत खुलासा सादर करावा. तक्रारीची प्रत जोडलेली नाही. खुलासा करायचा तो कशाचा? "मनं काय चुकनं, ते तं सांगा," एवढंच ती विचारत राहिली.

तक्रारदाराची दाद लागली पाहिजे, असं आपण सगळेच म्हणतो. जिच्यावर बोट ठेवलं, तिच्या हातात तो कागद पडला का, हे क्वचितच कोणी विचारतं.

आणि चौकशी कोण करतंय? १९६९ साली सर्वोच्च न्यायालयापुढे क्रायपाक खटला आला. जम्मू-काश्मीरमधून भारतीय वनसेवेसाठी निवड होती. निवड मंडळावर बसलेले तिथले प्रभारी मुख्य वनसंरक्षक स्वतःच उमेदवार. आपलं नाव निघालं तेव्हा ते बाजूला झाले, प्रतिस्पर्ध्यांची नावं निघाली तेव्हा मात्र बसून राहिले. न्यायालयाने निवड रद्द केली. त्यांनी खरोखर पक्षपात केला का, हे सिद्ध व्हायची गरज नव्हती. तशी रास्त शक्यता दिसणं पुरेसं ठरलं. आता तालुक्यात या. ज्या टेबलावर यादी बनली, तक्रारही पुष्कळदा त्याच टेबलावर फिरून येते.

मग येतो निकाल. "तक्रारीत तथ्य आढळून आले नाही, सबब प्रकरण नस्तीबद्ध करण्यात येत आहे." म्हणजे फाइल बंद. कोणते कागद पाहिले, कोणाला विचारलं, काही नाही. मोहिंदरसिंग गिल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बजावलं होतं, की आदेशात नसलेली कारणं मागाहून शपथपत्रात घालून चालत नाही. पण तेवढ्यासाठी अजिंठ्याचा घाट चढून औरंगाबाद खंडपीठ गाठावं लागतं, वकील लावावा लागतो. लोकशाही दिनात आस्थापनेचे, म्हणजे नोकरी-नेमणुकीचे, विषय घेत नाहीत. हाताशी राहतो तो माहिती अधिकार: दहा रुपये, ३० दिवस, नाही मिळालं तर अपील. इतर उमेदवारांचे गुण 'खासगी' म्हणून अडवतात, त्यावर मुंबई उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४मध्ये निकाल दिला होता. सरकारी भरतीतले गुण झाकल्याने संशय वाढतो, असं त्यात म्हटलं आहे.

(दृश्य: पुन्हा तेच टेबल.)

सुनावणीच्या आदल्या दिवशी तक्रारीची प्रत मिळाली. आज निवड झालेली ती दुसरी बाई आली आहे. रेशनकार्ड, वीजबिल, पोराचा शाळेचा दाखला, सोबत दोन पानी खुलासा. कारकून कागद ठेवून घेतो आणि फाइलकडे वळतो. ती जागची हलत नाही. दुसरी प्रत पुढे करते.

"भाऊसाहेब, यावर शिक्का मारी द्या."