बूस्टर आणि भुवर्लोक

नमस्कार, श्रोतेहो.

आमचं घर कोथरूडला, टेकडीच्या आडोशाला. शनिवारी संध्याकाळी टीव्हीवर मराठी चित्रपट लागायच्या आधी बाबा गच्चीवर चढायचे. अँटेनाचं तोंड सिंहगडाकडे फिरवत वरून ओरडायचे, "आलं का?" जिन्यात आई, दारात दादा आणि टीव्हीसमोर मी. माझं "नाही, अजून थोडं डावीकडे!" असं तिघांच्या तोंडून वर पोहोचायचं. एका दिवाळीला बाबांनी अँटेनाचा क्षीण संकेत वाढवणारा बूस्टर आणला. चित्र उजळलं खरं, पण पडद्यावरच्या मुंग्याही तेवढ्याच ठळक झाल्या. बाबा म्हणाले, "याला माणूस कोण आणि मुंगी कोण, कळत नाही गं."

बाबांना जाऊन आता दोन वर्षं झाली. दहाव्याला ओंकारेश्वराच्या घाटावर पिंड ठेवून आम्ही कावळ्याची वाट बघत उभे होतो. तासभर कावळा शिवेना. दादा हात जोडून एकेक वचन देत होता, आणि मला तो बूस्टर आठवत होता. तिथेच एक विज्ञानकथा मनात धरली. आज बोलायचं आहे ते त्या कथेतल्या यंत्राबद्दल. त्याचं नाव 'लोकवर्धक'. भूर्लोकापासून सत्यलोकापर्यंतचे सात लोक आपण ऐकून आहोत. माझं यंत्र फक्त एक पायरी चढतं, भुवर्लोकापर्यंत. तिथून इकडे काहीतरी अगदी क्षीण झिरपत असतं, एवढं एकच गृहीत मी धरलं आहे. बाकी सगळं भौतिकशास्त्राच्या नियमांत बसलं पाहिजे, असा माझा हट्ट आहे.

ही कल्पना जुनी आहे. १९२० साली थॉमस एडिसननं मुलाखतीत सांगितलं होतं की, गेलेल्या माणसांना आपल्याशी संपर्क साधायचा असेल तर तो टिपू शकेल असं यंत्र आपण करत आहोत. त्यानं त्याची तुलना व्हॉल्व्हशी केली होती: पलीकडून झालेली अगदी नगण्य हालचालही कितीतरी पटींनी मोठी होऊन दिसेल. म्हणजे बूस्टरच! ते यंत्र पुढे कुणाच्या हाती लागलं नाही. पण त्या वर्णनात माझ्या बाबांच्या तक्रारीला उत्तर नाही. खरखरसुद्धा तितक्याच पटींनी मोठी होईल, तिचं काय? आणि माणसाचा कान तर असा की नुसत्या खरखरीतही त्याला ओळखीचं नाव ऐकू येतं. ज्याच्या घरातलं माणूस नुकतंच गेलंय त्याला तर हमखास येतं. अशा माणसाला यंत्रानं फसवावं, हे मला कथेतही चालणार नाही.

उत्तर सापडलं आपल्याच जिल्ह्यात, नारायणगावजवळ खोडदला. तिथे प्रा. गोविंद स्वरूप यांच्या कल्पनेतून उभी राहिलेली रेडिओ दुर्बीण आहे, जीएमआरटी. ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या. १४ मध्यभागी, उरलेल्या १६ इंग्रजी वाय अक्षरासारख्या तीन फाट्यांवर दूर पसरलेल्या. आकाशातून येणारे संकेत इतके क्षीण की तबकडीनं ते गोळा केले की तिथल्या तिथेच, लांब तारेतून जाण्याआधी, वाढवावे लागतात. पहिला अँप्लिफायर जी खरखर मिसळतो ती पुढे कुणालाच काढता येत नाही. म्हणून त्यानं स्वतः शांत असायला हवं. उष्णतेनं इलेक्ट्रॉन चुळबुळतात, त्यामुळे जगातल्या कित्येक दुर्बिणींत तो अतिशय थंड ठेवतात.

माझी नायिका बुधवार पेठेत तपकीर गल्लीच्या तोंडाशी रेडिओ दुरुस्त करते. ती थंडावा आणणार कुठून? गाईंच्या कृत्रिम रेतनासाठी डॉक्टर द्रव नायट्रोजनचं भांडं घेऊन फिरतात, उणे १९६ अंशांचं. तिचा मावसभाऊ जुन्नर तालुक्यात तेच काम करतो. हा परिच्छेद लिहिताना मला फार आनंद झाला.

पण खोडदची खरी युक्ती पुढे आहे. दोन तबकड्यांचे संकेत एकमेकांशी ताडून पाहतात. प्रत्येकीची खरखर तिची तिची, वेगळी. आकाशातून आलेलं मात्र दोघींकडे सारखं. बराच वेळ ताडत राहिलं की खरखर आपापसात विरून जाते आणि सारखं तेवढं उरतं. ३० तबकड्यांच्या अशा ४३५ जोड्या होतात. म्हणून माझे लोकवर्धक दोन आहेत: एक नायिकेकडे कोथरूडला, दुसरा तिच्या भावाकडे हडपसरला. एका घरात ऐकू आलेलं काहीही मानायचं नाही. दोन्हीकडे एकदम आलं, तरच ते बाहेरून आलं.

आणखी एक गोष्ट सांगायलाच हवी. १९ ऑक्टोबर २०१६ रोजी शियापरेली नावाचं यान मंगळावर उतरत होतं आणि त्याचा क्षीण रेडिओ संकेत खोडदला थेट ऐकू येत होता. जमिनीला टेकण्याच्या थोडं आधी तो थांबला. यान आदळलं होतं. पलीकडून पाठवणारंच कुणी राहिलं नाही, तिथे वाढवणार काय? हे वाचून मी कथेचा अर्धा भाग फाडला. आता माझं यंत्र कुणाला बोलावत नाही. पलीकडच्यानं आपणहून काही पाठवलं, तरच ते वाढवतं.

शेवटचं प्रकरण परवा लिहून झालं. पितृपक्षातली सर्वपित्री अमावास्या, पहाटेचे चार. नायट्रोजनचं भांडं वाफाळतंय. कोथरूडचा काटा हलतो आणि त्याच क्षणी हडपसरहून भावाचा फोन येतो. दोघं फोन धरून ऐकत राहतात. खरखर विरत विरत दोनच शब्द उरतात.

"आलं का?"

भाऊ गप्प. नायिका मात्र उठून जिन्याच्या दाराशी जाते आणि वर तोंड करून ओरडते, "नाही बाबा, अजून थोडं डावीकडे!"

नमस्कार.