आधी आवाज, मग कॅमेरा

श्रोतेहो, नमस्कार. फ्रान्समध्ये शूटिंगच्या वेळी सहाय्यक दिग्दर्शक 'मोतर', म्हणजे यंत्रं चालू करा, म्हणून पुकारतो, तेव्हा पहिलं उत्तर येतं ध्वनिमुद्रकाकडून: 'सा तुर्न', चालू आहे. कॅमेऱ्याची पाळी त्यानंतर. फिल्म महाग होती, आवाजाची टेप स्वस्त, म्हणून टेपनं आधी वेग पकडायचा. डिजिटल आलं तरी रिवाज तोच राहिला.

सेटवरचाच आवाज पडद्यापर्यंत न्यायचा, ही तिथली जिद्द. 1960 च्या सुमारास हातातले कॅमेरे खडखडत, म्हणून बरेच संवाद नंतर भरावे लागत. पुढे आवाज दाबलेले कॅमेरे आले, आणि जोडीला होताच स्टेफान कुडेल्स्कींचा स्विस टेप रेकॉर्डर 'नाग्रा'. पहिला नाग्रा 1951 चा. सेकंदाला 19 सेंटिमीटर वेगानं पाच इंची रीळ सोळा मिनिटांत संपायचं. रीळ कधी बदलायचं हे ठरवण्यातही कौशल्य होतं.

या धंद्यात शिरायच्या वाटा म्हणजे लुई-ल्युमिएर किंवा फेमिस या चित्रपट शिकवणाऱ्या संस्था, नाहीतर थेट उमेदवारी. पण बहुतेकांची सुरुवात काठीपासूनच. काठी म्हणजे टोकाला माइक लावलेली लांब दांडी; ती धरणारा तो 'पेर्शमन'. नोकरी चित्रपटापुरती, बारा महिन्यांत 507 तास भरले तर मधल्या रिकाम्या काळात भत्ता मिळतो. हे तास मोजणं सगळ्यांच्या डोक्यात कायम.

काठीचं गणित सोपं, पण निर्दयी. माइक तोंडापासून दुप्पट लांब गेला की थेट आवाज सहा डेसिबलनं उतरतो, खोलीचा घुमारा मात्र तेवढाच राहतो. म्हणून माइक कॅमेऱ्याच्या चौकटीच्या काठाला चिकटून हवा, आणि सावली पडली की छायाचित्रकाराशी वाद ठरलेला. पेर्शमनला संवाद पाठ लागतात. पुढच्या माणसाकडे माइक त्याच्या बोलण्याआधी वळायला हवा. एका अक्षराचा उशीर झाला तरी पहिला शब्द बोथट येतो, आणि पुढे कुठल्याही यंत्रानं तो धारदार होत नाही.

कपड्यात लपवलेला माइक हा दुसरा पर्याय. पण रेशीम किंवा नायलॉन सळसळतं. चिकटपट्टीच्या दोन त्रिकोणी घड्या, चिकट बाजू बाहेर, मधे माइक; मग कापड आणि माइक एकत्र हलतात, घासत नाहीत. तरी माझ्या मते काठीच खरी: तिच्या आवाजात माणूस खोलीत उभा असतो.

पॅरिसच्या जुन्या घरात लाकडी फरशी करकरते. मग चौकटीबाहेर गालिचे आणि घोंगड्या, बुटांच्या तळाला फेल्ट. फ्रिजचा प्लग काढायचा आणि स्वतःच्या गाडीची किल्ली त्या फ्रिजमध्येच ठेवायची. निघताना किल्ली शोधली की प्लग आठवतो, नाहीतर घरमालकाचं लोणी वितळलं समजा. शेवटी तीस सेकंद सगळे गप्प आणि नुसती खोली मुद्रित करायची. संकलनात दोन वाक्यांमधली फट याच शांततेनं भरतात. नेमकं तेव्हाच कुणीतरी सामानाच्या पेट्या आवरायला लागतं.