घर कशावर उभे आहे? वास्तुसमीक्षकाच्या कामाविषयी

नमस्कार. आज मी लातूर जिल्ह्यातल्या एका जुन्या माळवदाच्या घरातून तुमच्याशी बोलते आहे. माझ्यामागचा हा सागवानी खांब अर्धा भिंतीत बुजलेला आहे, त्याच्या बुडाशी घडीव दगडाची बैठक आहे, आणि वरच्या पांढऱ्या मातीच्या छताचा भार तुळईवरून या खांबांवर येतो. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे झालेल्या भूकंपात किल्लारीच्या परिसरात अशा घरांच्या जाड भिंती दोन पदरांत फुटून झोपलेल्या माणसांवर कोसळल्या, कारण आतल्या आणि बाहेरच्या दगडांना एकत्र धरणारे लांब दगड त्यांत घातलेले नव्हते. तरीही काही घरांत लाकडी खणांचा सांगाडा जागेवर उभा राहिला.

‘दगडमातीचे घर वाईट’ असे म्हणून आपण मोकळे होतो. घरात नेमके काय चुकले आणि काय टिकले, हे सामान्य वाचकाला कळेल अशा भाषेत सांगणे हे वास्तुसमीक्षकाचे काम आहे.

या कामाला वृत्तपत्रात मानाची जागा मिळवून देण्यात अडा लुईस हक्स्टेबल यांचा वाटा फार मोठा आहे. १९२१ मध्ये न्यूयॉर्कमध्ये जन्मलेल्या हक्स्टेबल वास्तुविशारद नव्हत्या. त्यांचा अभ्यास कलेतिहासाचा होता. आधुनिक कलेच्या संग्रहालयात त्यांनी काही वर्षे काम केले, इटलीत जाऊन तिथल्या इमारती अभ्यासल्या, आणि १९६३ मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने त्यांना पूर्णवेळ वास्तुसमीक्षक नेमले. त्याच वर्षी शहरातले भव्य पेन स्टेशन पाडायला सुरुवात झाली. जुन्या वास्तूंना संरक्षण देणारा न्यूयॉर्कचा कायदा १९६५ मध्ये आला, आणि त्यामागे जे लोकमत तयार झाले त्यात त्यांच्या लेखणीचा हात होता. समीक्षेसाठीचे पहिले पुलित्झर पारितोषिक १९७० मध्ये त्यांनाच मिळाले.

मला मात्र त्यांच्या पारितोषिकापेक्षा त्यांचा शेवटचा लेख जवळचा वाटतो. शहराच्या मुख्य सार्वजनिक ग्रंथालयातली पुस्तकांची सात मजली मांडणी काढून तिथे नवे दालन करण्याची योजना होती. मांडणी म्हणजे पुस्तके ठेवण्याची सोय, हलवली तर काय बिघडले, असेच कुणालाही वाटेल. पण त्या लोखंडी मांडणीवरच वरच्या प्रचंड वाचनकक्षाचा भार तोललेला होता, आणि ही गोष्ट हक्स्टेबल यांनी वाचकांपुढे स्पष्ट मांडली.

तेव्हा त्या ९१ वर्षांच्या होत्या. लेख डिसेंबर २०१२ मध्ये छापून आला, जानेवारी २०१३ मध्ये त्या गेल्या, आणि २०१४ मध्ये ग्रंथालयाने ती योजना सोडून दिली.