कुत्र्याच्या उंचीवरून मुंबई

मुंबईच्या रस्त्यावरच्या कुत्र्याला अ‍ॅनिमेशनने नायक करून झालंय. 2008 सालच्या ‘रोडसाइड रोमिओ’त तो नाचला, गायला, सैफ अली खानच्या आवाजात बोलला. आपल्या गल्लीतला मोत्या मात्र यातलं काहीच करत नाही. तो झोपतो. अर्धाअधिक दिवस झोपतो.

आता हे झोपणं रंगवायचं कसं?

पडद्यावर सेकंदाला 24 फ्रेम सरकतात. एकेक चित्र दोन फ्रेम टिकवलं, तरी सेकंदाला 12 चित्रं हवीत. एवढा खटाटोप करून कुत्रा नुसता पडलेला दाखवायचा म्हटलं, की निर्मात्याच्या कपाळाला आठ्या पडणारच. पण जरा नीट बघा. बसायच्या आधी तो जागच्या जागी गोल फिरतो. मग धप्पकन अंग टाकतो. डोळे मिटतात, बरगड्या वरखाली होतात, एक कान तेवढा ड्यूटीवर. शेजारून रिक्षा गेली, कान ढिम्म. बिस्किटाच्या पुड्याचा कागद वाजला, कान ताठ! सगळा अभिनय त्या कानात आहे.

त्याच कानाला खाच दिसतेय? ती भांडणातली नव्हे. नसबंदी झाल्याची ती खूण. 2001 सालच्या नियमांपासून ही पद्धत रुळली: शस्त्रक्रिया करायची, लस टोचायची आणि सहसा जिथून उचललं तिथेच परत सोडायचं. मुंबईतल्या अख्ख्या टोळीचे कान अखंड काढले असतील, तर चित्रकार गल्लीत फिरकलेलाच नाही असं खुशाल समजा.

चाल सोपी. दुडक्या चालीत पुढचा डावा आणि मागचा उजवा पाय एकदम पडतो. कोळीण टोपली उतरवताना दिसली, की हीच चाल.

खरी गंमत रंगांची. कुत्र्याला निळा-पिवळा कळतो, लाल-हिरव्यात घोळ होतो. म्हणजे बेस्टची लालभडक बस त्याला मळकट तपकिरी, आणि टॅक्सीचा पिवळा मात्र पिवळाच. कॅमेराही फूट-दीड फुटावर आणायला हवा. तिथून माणसं म्हणजे चपला, साडीचे काठ, लोंबणाऱ्या पिशव्या.

राहिला वास. तो दाखवायला हिरवट धुराच्या रेघा काढायची जुनी खोड आहे, ती सोडलेली बरी. नुसतं नाक दाखवा, ओलं, थरथरणारं, आणि पाठोपाठ वळणारी मान. ती कढईतल्या वड्याकडे वळली, हे दादर स्टेशनबाहेर उभ्या राहिलेल्या कुणालाही कळेल.