मायापान: आधी पाणी, मग पिरॅमिड

मंडळी, नमस्कार. मी भूजलातला माणूस. मराठवाड्यात आणि विदर्भात विहिरींची पातळी मोजत माझी सगळी नोकरी गेली. तेव्हा आज मेक्सिकोतल्या एका दिवसाच्या सहलीबद्दल बोलणार असलो, तरी बोलणं फिरून फिरून पाण्याकडे येईल. ती सहलच तशी आहे. ती विकली जाते मात्र वेगळ्या पद्धतीनं. आमच्या कागदावर लिहिलं होतं: सकाळी माया संस्कृतीचे अवशेष, दुपारी सेनोतेमध्ये, म्हणजे तिथल्या नैसर्गिक विहिरीत, पोहणं, मग जेवण. म्हणजे आधी इतिहास, नंतर मौज. दिवस संपेपर्यंत माझी खात्री झाली की या दोन गोष्टी नाहीतच, एकच गोष्ट आहे.

मेक्सिकोतल्या युकातान राज्याची राजधानी मेरिदा. तिथून बहुतेक लोक चिचेन इत्सा या प्रसिद्ध माया शहराचे अवशेष बघायला जातात, आणि जरूर जावं. त्या नावाचा अर्थच मुळी ‘इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी’ असा आहे. आम्ही गर्दी टाळून मायापान या दुसऱ्या जुन्या माया शहराकडे गेलो. अंतर साधारण 40 किलोमीटर. आम्ही सहा जण आणि एक गाइड. त्याची घरची भाषा माया. युकातानात आजही लाखो लोक ती बोलतात. ‘नष्ट झालेली माया संस्कृती’ असं आपण सहज बोलून जातो. तो मनुष्य आमच्या पुढच्या सीटवर बसून फोनवर आईशी माया भाषेत बोलत होता.

मेरिदाहून निघाल्यावर एक गोष्ट माझ्या लक्षात आली. वाटेत नदी-ओढ्यावरचा एकही पूल लागला नाही. आपल्याकडे इतका रस्ता कापला तर दोन-चार मोऱ्या आणि एखादा फरशी पूल लागतोच. इथं सपाट जमीन, खुरटं रान आणि पांढरट दगड. पाऊस कमी नाही, वर्षाला हजार मिलिमीटरच्या आसपास पडतो. पण उत्तर युकातानात जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. पाऊस पडतो आणि खडकात उतरतो.

हा सगळा खडक चुनखडक. पावसाचं पाणी हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आम्लधर्मी होतं आणि चुनखडक विरघळवतं. फटीची भेग होते, भेगेचं भुयार होतं, भुयाराची गुहा होते. मग कधीतरी गुहेचं छत कोसळतं आणि खाली साठलेलं पाणी उघडं पडतं. तो सेनोते. हा शब्द मायांच्या ‘त्सोनोत’चा स्पॅनिश उच्चार. आपल्या काळ्या पाषाणात असं काही होत नाही. आपल्याकडे पाणी मुरमात आणि कातळाच्या सांध्यांत अडकतं, तेही थोडं, आणि हळूहळू झिरपतं. म्हणून आपण पाण्यापर्यंत विहीर खणत जातो. तिथं विहीर आधीपासून आहे, माणसानं तिच्यापाशी जायचं.

आणखी एक गोष्ट कोकणातल्या मंडळींना लगेच कळेल. युकातान हे तीन बाजूंनी समुद्र असलेलं पठार. खडक इतका पोकळ, की समुद्राचं खारं पाणीही खालून आत शिरलेलं आहे. गोडं पाणी हलकं, म्हणून ते खाऱ्या पाण्यावर भिंगाच्या आकारात तरंगतं. ढोबळ हिशेब असा, की समुद्रसपाटीच्या वर 1 मीटर गोडं पाणी असेल, तर खाली साधारण 40 मीटरपर्यंत गोडं पाणी लागतं, त्याच्याखाली खारं. किनाऱ्यालगतच्या विहिरीला जास्त उपसा झाला की खारं पाणी लागतं, हे आपल्याकडच्या बागायतदारांनी भोगलेलं आहे. तिथं जवळजवळ अख्खं राज्य त्या पातळ थरावर जगतं.

आता थोडं मागे जाऊ, 6.6 कोटी वर्षं मागे. युकातानच्या उत्तर किनाऱ्यावर चिकशुलुब नावाचं बंदराचं गाव आहे. त्याच्या परिसरात एक प्रचंड अशनी आदळला. त्या विवराचा व्यास सुमारे 180 किलोमीटर, अर्धं जमिनीखाली, अर्धं समुद्राखाली. वर नंतरच्या चुनखडकाचे जाड थर साचले, म्हणून डोळ्यांना काही दिसत नाही. पण नकाशावर सेनोते टिंबांनी दाखवले, की त्या विवराच्या कडेनं एक अर्धवर्तुळ उमटतं. खोल गाडल्या गेलेल्या कडेनं वरच्या खडकातल्या भेगा आणि पाण्याची वाट ठरवली. दुपारी आम्ही ज्या होमुन गावी गेलो, ते या सेनोतेंच्या कड्यातलं गाव.

हे सांगताना मला आपल्या दोन गोष्टी आठवल्यावाचून राहत नाहीत. एक लोणार. तिथलं विवर 1.8 किलोमीटर व्यासाचं, म्हणजे चिकशुलुबच्या साधारण शंभराव्या हिश्शाचं, पण घडणीची रीत तीच. दुसरी गोष्ट आपल्या पायाखालचा सह्याद्रीचा कातळ. डायनोसॉर संपले त्याच काळाच्या आगेमागे दख्खनचा लाव्हा वाहत होता. डायनोसॉर कशानं गेले, या वादात एका बाजूला चिकशुलुब उभं असतं आणि दुसऱ्या बाजूला आपलं पठार. बहुतेक शास्त्रज्ञ मुख्य दोष अशनीकडे देतात, लाव्हाचा वाटा किती यावर अजून चर्चा चालू आहे. मी त्या पांढऱ्या दगडावर उभा होतो तेव्हा वाटलं, आपण काळ्या दगडाकडून याला भेटायला आलो आहोत.

मायापान हे मायांचं शेवटचं मोठं राजधानीचं शहर. साधारण 1200 ते 1450 हा त्याचा काळ. चिचेन इत्साच्या मानानं बांधकाम कमी प्रतीचं, असं पुस्तकांत वाचायला मिळतं. मधला कुकुलकान या नागदेवाचा पिरॅमिड 15 मीटर उंच, चिचेन इत्साच्या पिरॅमिडची लहान प्रतिकृती वाटावा असा. दगड ओबडधोबड, आणि वर चुन्याचा जाड गिलावा देऊन तो ओबडधोबडपणा झाकलेला. पिरॅमिडच्या एका बाजूला गिलाव्यात काढलेल्या मानवी आकृती आहेत. त्यांना डोकी नाहीत, डोक्याच्या जागी कोनाडे आहेत. त्यांत खऱ्या कवट्या बसवत असावेत, असं अभ्यासक मानतात. आमच्यातल्या एका मुलीनं त्यांच्याकडे पाठ फिरवली. जवळच पर्जन्यदेव चाकचे लांब नाकाचे दगडी मुखवटे आहेत, त्यांची घडण पुउक या युकातानातल्या टेकड्यांच्या भागातल्या जुन्या शैलीतली. ज्या प्रदेशात नदी नाही, तिथं पाऊस पाडणारा देव भिंतीभिंतीवर असणारच.

सगळे वर बघत होते. गाइडनं मला खाली बघायला लावलं. पिरॅमिडच्या अगदी लगत जमीन खचलेली आहे आणि आत गुहेचं तोंड आहे. तो सेनोते. शहराभोवती सुमारे 9 किलोमीटर लांबीचा दगडी तट होता आणि आत 4000 हून जास्त बांधकामं. तटाच्या आत असे पुष्कळ सेनोते. कल्पना करा, पहाटे बायका मडकी घेऊन दगडी उतरणीनं खाली जात असतील, आणि त्याच पाण्याच्या डोक्यावर देऊळ. आधी पाणी सापडलं, मग देव आले, मग राजे आले. मला तरी त्या शहराचा नकाशा याच क्रमानं उलगडला.

आणि ते शहर मोडलं कसं? पंधराव्या शतकाच्या मध्यात शिउ घराण्याच्या लोकांनी सत्ताधारी कोकोम घराण्याची कत्तल केली आणि शहर ओस पडलं, असं परंपरा सांगते. 2022 साली प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात 1400 ते 1450 या काळातला दीर्घ दुष्काळ आणि तिथल्या हाडांवर दिसणारा हिंसाचार यांचा संबंध दाखवलेला आहे. मी इथं बराच वेळ अडलो. कारण सेनोते सहसा आटत नाहीत, त्यांची पातळी समुद्राच्या पातळीशी बांधलेली. म्हणजे तहान भागवण्यापुरतं पाणी असणार. मग दुष्काळ कसला?

दुष्काळ मक्याचा. माती वीतभर, खाली कातळ, शेती पावसावर. खालचं पाणी मडक्यानं वर काढून किती रोपांना घालणार? शेत डोळ्यांसमोर जळतंय आणि त्याच्याखाली गारेगार पाणी आहे. आपल्याकडे जुनी माणसं 1972 च्या दुष्काळाबद्दल बोलताना म्हणतात, ‘तेव्हा प्यायला पाणी होतं, खायला धान्य नव्हतं.’ हे वाक्य मी गाइडला इंग्रजीतून सांगितलं. तो काही बोलला नाही, मान हलवली, आणि मग त्याच्या आजोबांच्या शेतात पावसासाठी चाकची पूजा कशी मांडायचे ते सांगू लागला. झाडाच्या फांद्यांचं वेदीसारखं बांधतात, आणि लहान मुलं खाली बसून बेडकाचा आवाज काढतात. मला लगेच धोंडी आठवली, बेडकाला काठीला बांधून दारोदार पाणी मागणारी. दोघांच्याही पावसाला बेडूकच लागतो.

दुपारी होमुन. गावात तीनचाकी मोटारसायकली तुम्हाला रानातल्या सेनोतेंकडे नेतात. बरेचसे सेनोते गावातल्या कुटुंबांच्या जमिनीत आहेत. आत उतरण्याआधी अंगावरचं तेल, क्रीम धुऊन टाकायला लावतात. हा नियम पाळाच. तिथलं पाणी मातीतून गाळून येत नाही, पोकळ्यांतून धावतं. वर सांडलेलं काहीही झपाट्यानं खाली पोहोचतं.

लाकडी जिना उतरलो. दहा-बारा मीटर खाली काळोख आणि गारवा. छताला एक भोक, त्यातून उन्हाचा झोत सरळ पाण्यात. उंबर-वडाच्या कुळातल्या एका झाडाची मुळं वरून दोरखंडासारखी लोंबत पाण्यापर्यंत आलेली. उंबराजवळ पाणी लागतं, असं आपल्याकडे म्हणतात. तिथं ते मुळांच्या टोकाशी डोळ्यांनी दिसत होतं. भिंतीच्या कपारीत निळसर हिरवा तोह पक्षी होता. त्याची लांब शेपटी लंबकासारखी हलते. हा पक्षी दिसला की पाणी जवळ आहे असं रानात फिरणारे मानतात, कारण तो सेनोतेंच्या भिंतीत घरटी करतो.

मी पाण्यात शिरलो. पाण्याचा तळ दिसत होता आणि तरी तो किती खोल आहे हे कळत नव्हतं. कान पाण्याखाली गेले की आवाज संपतो. आयुष्यभर ज्या पाण्याची पातळी वरून दोरी सोडून मोजली, त्या भूजलात मी पहिल्यांदा अंगानं होतो. माझे डोळे भरून आले, हे सांगायला मला संकोच वाटत नाही.

याच होमुनमध्ये 49,000 डुकरांचा एक प्रकल्प उभा राहिला होता. त्या डुकरांच्या मैल्याचं पाणी कुठं जाणार, हे गावाला कळत होतं. ‘कानान त्सोनोत’, म्हणजे सेनोतेंचे राखणदार, अशा नावानं गावकरी एकत्र आले. गावातल्या माया मुलांच्या वतीनं कोर्टात दावा गेला. 2018 साली कामाला स्थगिती मिळाली, 2021 साली मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयानं ती कायम ठेवली. मुलांच्या नावानं लढलेला भूजलाचा दावा! आपल्या किती गावांत बोअर आटल्यावर सभा होते, आणि पाणी असताना किती ठिकाणी होते? मला त्या गावकऱ्यांचं फार कौतुक वाटलं.

जेवण एका घराच्या अंगणात. बाहेर चिकूचं झाड. घोलवड-डहाणूचा चिकू आपण आपलाच मानतो, पण त्याचं माहेर ह्या रानात. पोळ्या मक्याच्या, आणि मका चुन्याच्या पाण्यात शिजवून सोललेला. म्हणजे तोच खडक. पाणी त्यातून, देवळाचा गिलावा त्याचा, आणि पोळीतही तोच भाजून चुना झालेला.

गाइडला मी लोणारचा फोटो दाखवला. त्यानं विचारलं, ‘यात उतरता का?’ मी म्हटलं, नाही, सरोवराचं पाणी खारट. पण काठावर गोड्या पाण्याची धार आहे, बारमाही, तिथं लोक अंघोळ करतात. खाऱ्या पाण्याच्या काठावर गोडं पाणी येतं कुठून, हे त्याला समजेना. मी कागदी रुमाल घेतला, आपल्या लाव्हाचे थर एकावर एक काढले, मधला सांधा पेनानं गडद केला आणि पाणी वरून मुरून, खाली वाट न मिळाल्यामुळे आडवं सरकत कसं बाहेर पडतं ते दाखवलं. त्यानं रुमाल स्वतःकडे ओढला आणि शेजारी आपला खडक काढायला घेतला.