ग्लोव्हज काढले की पॅड बांधायचे

नमस्कार श्रोतेहो.

२९ नोव्हेंबर २०००. वार बुधवार. नागपूरच्या सिव्हिल लाइन्समधलं विदर्भ क्रिकेट असोसिएशनचं जुनं मैदान. जामठ्याचं स्टेडियम व्हायला अजून आठ वर्षं होती. मी आणि माझे काका सकाळीच उघड्या गॅलरीत जागा धरून बसलो होतो. पिशवीत डबा होता, संत्री होती, आणि मनात हिशोब पक्का होता. भारताने ६ बाद ६०९वर डाव घोषित केलेला. सचिन नाबाद २०१, द्रविड १६२, शिवसुंदर दास ११०. झिम्बाब्वेवर फॉलोऑन, म्हणजे लागोपाठ दुसऱ्यांदा फलंदाजी. काका म्हणाले, "जेवणाच्या सुट्टीपर्यंत आटपतं बघ. दुपारी घरी जाऊ."

आम्ही घरी गेलो ते दिवेलागणीला. झिम्बाब्वे ६ बाद ५०३. सामना अनिर्णित. चौथ्या दिवशी खेळायला आलेला त्यांचा एक डावखुरा फलंदाज पाचव्या दिवशीचा शेवटचा चेंडू पडेपर्यंत तिथेच उभा होता. अँडी फ्लॉवर, नाबाद २३२.

त्या माणसाबद्दल आज तुमच्याशी बोलायचंय.

मी तेव्हा कॉलेजच्या संघात यष्टिरक्षण करायचो. त्यामुळे सचिन खेळत होता तेव्हा सगळं मैदान सचिनकडे बघत होतं आणि माझी नजर राहून राहून त्याच्यामागे उकिडव्या बसलेल्या माणसाकडे जात होती. हे काम ज्याने केलंय त्यालाच कळतं. कसोटीच्या एका दिवसात नव्वद षटकं, म्हणजे पाचशे चाळीस चेंडू. म्हणजे पाचशे चाळीस वेळा खाली बसायचं आणि उठायचं. सकाळी बोटांना चिकटपट्टी गुंडाळायची, त्यावर आतले सुती ग्लोव्हज, त्यावर चामड्याचे. तासाभरात आतले ग्लोव्हज घामाने चिंब होतात आणि संध्याकाळी काढले की बोटांची कातडी पांढरी पडून सुरकुतलेली असते, दिवसभर धुणं धुतल्यासारखी. मांड्या भरून येतात. जिना उतरताना कठड्याला धरावं लागतं. मी हे एका दिवसाच्या खेळात भोगलंय. हा माणूस भारताच्या ६०९ धावा होईपर्यंत स्टंपांमागे बसला होता, मग ग्लोव्हज काढून त्याने पॅड बांधले, पहिल्या डावात ५५ केल्या, आणि फॉलोऑन मिळाल्यावर पुन्हा पॅड बांधले.

झिम्बाब्वे म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर १९८३चं टनब्रिज वेल्स येतं. भारत ५ बाद १७ आणि मग कपिलच्या नाबाद १७५. भारताचे ते पाच गडी टिपणारा संघ तेव्हा कसोटी खेळत नव्हता. १९८२, १९८६ आणि १९९०, अशी तीनदा आयसीसी ट्रॉफी जिंकायची तेव्हा कुठे दर चार वर्षांनी विश्वचषकाचं दार उघडायचं. दार उघडलं की पाच-सहा सामने, मग पुन्हा चार वर्षांचं थांबणं.

फ्लॉवरचा जन्म १९६८चा, केप टाऊनमधला, पण तो वाढला झिम्बाब्वेत. धाकटा भाऊ ग्रँट हाही पुढे देशाकडून सलामीला खेळला. २३ फेब्रुवारी १९९२ला न्यूझीलंडमधल्या न्यू प्लायमाऊथला श्रीलंकेविरुद्ध अँडी पहिला एकदिवसीय सामना खेळला, तोही थेट विश्वचषकात. सलामीला आला आणि नाबाद ११५. संघाच्या ४ बाद ३१२. त्या काळात तीनशेचा आकडा म्हणजे सामना खिशात. पण श्रीलंकेने ३१३ करून दाखवल्या. पहिल्याच सामन्यात शतक आणि पहिल्याच सामन्यात हार. पुढची दहा-अकरा वर्षं त्याच्या वाट्याला हेच येत राहिलं, आणि हे लक्षात ठेवल्याशिवाय त्याचे आकडे वाचता येत नाहीत.

त्याच वर्षी झिम्बाब्वेला कसोटीचा दर्जा मिळाला. ऑक्टोबरमध्ये हरारेला पहिली कसोटी झाली ती आपल्याविरुद्धच. कर्णधार डेव्ह हॉटनने १२१ काढल्या, अँडीने ५९, एकूण ४५६. उत्तरादाखल आपले फलंदाज इतके अडकले की संजय मांजरेकरला दिवसभराहून जास्त खिंड लढवून १०४ कराव्या लागल्या. पहिल्याच कसोटीत न हरण्याचं ऑस्ट्रेलियाला १८७७मध्ये जमलं होतं. त्यानंतर ते जमवणारा पहिला देश झिम्बाब्वे. पाच महिन्यांनी दिल्लीत विनोद कांबळीने त्यांना २२७ धावांचा तडाखा दिला. ती खेळी मुंबईकरांना पाठ आहे. त्याच सामन्यात समोरच्या यष्टिरक्षकाने ११५ आणि नाबाद ६२ केल्या होत्या हे मात्र फार थोड्यांना आठवतं. झिम्बाब्वे डावाने हरलं होतं ना!

पहिला विजय आला तो अकराव्या कसोटीत. १९९५, हरारे, समोर पाकिस्तान. वासिम अक्रमचा पाकिस्तान. कर्णधार आता अँडी होता. नाणेफेकीला त्याने नाणं उडवलं. झिम्बाब्वेच्या नाण्यावर त्यांचा राष्ट्रीय पक्षी असतो. पाकिस्तानचा कर्णधार सलीम मलिकने छापा किंवा काटा न म्हणता "बर्ड" असं म्हटलं. सामनाधिकारी जॅकी हेंड्रिक्स यांनी ती नाणेफेक रद्द केली आणि पुन्हा करायला लावली. दुसऱ्यांदा अँडी जिंकला. सुरुवात मात्र ३ बाद ४२ अशी झाली, आणि खेळपट्टीवर दोघं सख्खे भाऊ उरले. ग्रँट नाबाद २०१, अँडी १५६, दोघांत २६९ धावांची भागीदारी. कसोटीत सख्ख्या भावांची सर्वात मोठी भागीदारी तोवर इयन आणि ग्रेग चॅपेलची होती, २६४ची. फ्लॉवर बंधूंनी ती मागे टाकली. मग हीथ स्ट्रीकने गोलंदाजीत आग ओकली आणि झिम्बाब्वे एक डाव आणि ६४ धावांनी जिंकलं.

३ बाद ४२. हा आकडा मी मुद्दाम सांगितला. यष्टिरक्षक-फलंदाज म्हटलं की आपण लगेच अॅडम गिलख्रिस्टचं नाव घेतो. गिलख्रिस्ट थोरच. कसोटीत त्याची सरासरी ४७.६०. पण तो सातव्या क्रमांकावर यायचा, आणि तो येईपर्यंत हेडन, लँगर, पाँटिंग यांनी गोलंदाजांचा चोथा केलेला असायचा. फ्लॉवर यायचा तेव्हा बहुतेक वेळा फलकावर दोन आकडी धावसंख्या आणि तीन गडी बाद असायचे, आणि आपल्यामागे फार कुणी नाही हे त्याला ठाऊक असायचं. तरीही यष्टिरक्षण करत खेळलेल्या ५५ कसोटींत त्याची सरासरी ५३.७० आहे. माझ्या मते कसोटीतला सर्वात मोठा यष्टिरक्षक-फलंदाज तोच. वाद घालायला अनेक जण येतात. मी त्यांना हाच ३ बाद ४२ दाखवतो.

आता पुन्हा नागपूरला येऊ. त्या दिवशी मी जे पाहिलं ते आजही डोळ्यांसमोर आहे. आपला ऑफस्पिनर सरनदीप सिंग, त्याची ही पहिलीच कसोटी. डावखुऱ्याला ऑफस्पिनरचा चेंडू बाहेर वळतो, म्हणजे बॅटची कड घ्यायला तो उत्तम. फ्लॉवर काय करायचा? पुढचा पाय लांब टाकून गुडघा टेकवायचा, मनगटं उलटी फिरवायचा आणि चेंडू जिकडे वळतोय तिकडेच त्याला पॉइंटच्या मागे ढकलायचा. रिव्हर्स स्वीप. आज शाळेतली पोरंही हा फटका मारतात. तेव्हा तो आततायी समजला जायचा. बाद झालात की प्रशिक्षक आठ दिवस बोलायचे नाहीत. फ्लॉवर तो फटका असा खेळायचा जणू समोर पुस्तक उघडं आहे आणि तो नुसतं पान उलटतोय. क्षेत्ररक्षक तिथे हलवला की पुढचा चेंडू नेहमीच्या स्वीपने विरुद्ध दिशेला. तिथे माणूस गेला की पुन्हा उलटा. काका डब्यातलं थालीपीठ हातात धरून तसेच बसले होते. म्हणाले, "हा पोरगा गोलंदाजाशी खेळतच नाहीये, कर्णधाराशी खेळतोय."

दुसऱ्या टोकाला ॲलिस्टर कॅम्पबेल. कसोटीत आठ वर्षं खेळूनही शतक नव्हतं बिचाऱ्याचं. त्या डावात झालं, १०२. ते झालं तेव्हा आमच्या गॅलरीने उभं राहून टाळ्या वाजवल्या, आणि फ्लॉवरचं द्विशतक झालं तेव्हाही. आपला विजय हातून जात होता, तरी वाजवल्या. नागपूरकर म्हणून मला त्या टाळ्यांचा अभिमान वाटतो. कसोटीत यष्टिरक्षकाची इतकी मोठी खेळी त्याआधी झाली नव्हती आणि नंतरही कुणाला ती मागे टाकता आलेली नाही. त्या मालिकेत दोन कसोटींत त्याने केल्या १८३ नाबाद, ७०, ५५ आणि २३२ नाबाद. एकूण ५४०. चार डावांत आपण त्याला दोनदाच बाद करू शकलो.

पुढच्या वर्षी हरारेत दक्षिण आफ्रिकेने ३ बाद ६०० केल्या. स्टंपांमागे अर्थात तोच. मग पहिल्या डावात १४२. पुन्हा फॉलोऑन. दुसऱ्या डावात १९९, आणि द्विशतकाला एक धाव हवी असताना शेवटचा गडी डग्लस होंडो बाद झाला. एकाच कसोटीच्या दोन्ही डावांत शतक करणारा पहिला यष्टिरक्षक, आणि निकाल? झिम्बाब्वे नऊ गड्यांनी पराभूत. २००१च्या अखेरीस कसोटी फलंदाजांच्या जागतिक क्रमवारीत तो पहिला होता. सचिन, लारा, वॉ हे सगळे खेळत असताना झिम्बाब्वेचा यष्टिरक्षक पहिला! ६३ कसोटींत ४७९४ धावा, १२ शतकं, सरासरी ५१.५४. एकदिवसीय सामन्यांत ६७८६. आकडे इथेच थांबवतो.

कारण यानंतरची गोष्ट वेगळी आहे.

२००३चा विश्वचषक दक्षिण आफ्रिका, झिम्बाब्वे आणि केनियात होता. घरी अंगणात विश्वचषक, आणि घरात काय चाललं होतं? रॉबर्ट मुगाब्यांचं सरकार विरोधकांना तुरुंगात टाकत होतं, मारहाण होत होती, धान्याची टंचाई होती. एका शेतकरी मित्राने फ्लॉवरला आपलं हिसकावलेलं शेत नेऊन दाखवलं आणि विचारलं, हे असं असताना तुम्ही काहीच झालं नाही अशा थाटात खेळणार का? फ्लॉवर आपल्या एका सहकाऱ्याकडे गेला. हेन्री ओलोंगा, वेगवान गोलंदाज, झिम्बाब्वेकडून कसोटी खेळलेला पहिला कृष्णवर्णीय खेळाडू. एक गोरा, एक काळा. एकट्या गोऱ्याने केलं असतं तर गोऱ्यांची कुरकुर म्हणून ते झटकून टाकता आलं असतं. दोघांनी मिळून केलेलं झटकणं अवघड होतं.

१० फेब्रुवारी २००३, हरारे, नामिबियाविरुद्धचा सामना. सकाळी पत्रकारांच्या हाती एक निवेदन पडलं. आमच्या लाडक्या झिम्बाब्वेतल्या लोकशाहीच्या मृत्यूचा आम्ही शोक पाळत आहोत, असं त्यात लिहिलं होतं. फ्लॉवर फलंदाजीला उतरला तेव्हा दंडावर काळी पट्टी होती. ओलोंगाच्याही दंडावर होती. पट्टी कसली, तर काळी चिकट टेप. आपल्या गल्लीत टेनिस बॉलला गुंडाळतो ना, तसलीच. मी दूरदर्शनवर पाहत होतो. पडद्यावर ती पट्टी जेमतेम दोन बोटं रुंद दिसत होती.

फ्लॉवरने त्या दिवशी ३९ केल्या. झिम्बाब्वे जिंकलं. विश्वचषक संपला आणि दोघांचं देशाकडून खेळणंही संपलं. ओलोंगाला संघातून वगळलं, जिवाच्या धमक्या आल्या, तो लपत इंग्लंडला गेला. फ्लॉवरही गेला, एसेक्सकडून कौंटी खेळला, आणि मग प्रशिक्षक झाला. त्याच्या हाताखाली इंग्लंडने २०१० साली टी-ट्वेंटीचा विश्वचषक जिंकला, ऑस्ट्रेलियात जाऊन ॲशेस जिंकली, आणि २०१२ साली आपल्याला आपल्याच घरात कसोटी मालिकेत हरवलं. २०२५ साली बंगळुरूने पहिल्यांदा आयपीएल जिंकलं तेव्हाही प्रशिक्षकाच्या खुर्चीत तोच होता. ते सगळं तुम्ही पाहिलेलंच आहे.

मला मात्र एक जुना धावफलक पुन्हा पुन्हा काढून बघावासा वाटतो. नागपूरच्या आदल्या आठवड्यातली दिल्लीची कसोटी, फिरोजशाह कोटला. झिम्बाब्वेचे नऊ गडी बाद झाले तेव्हा फ्लॉवर एका टोकाला होता आणि शेवटचा फलंदाज मैदानात आला. हा अकरावा गडी किती चेंडू टिकणार, असं रेडिओवरचे समालोचक म्हणत होते. तो टिकला. त्याने स्वतः जेमतेम अकरा धावा केल्या, पण यष्टी सोडली नाही, आणि समोर फ्लॉवर धावा काढत राहिला. त्या दोघांनी अखेरच्या गड्यासाठी ९७ धावा जोडल्या आणि भारताला ती जोडी फुटलीच नाही. डाव घोषित करून दोघं एकत्र तंबूत परतले. धावफलकाच्या शेवटच्या दोन ओळी अशा आहेत: अँडी फ्लॉवर, नाबाद १८३. हेन्री ओलोंगा, नाबाद ११.

नमस्कार.